एका वेळी एकच नख

प्रश्न : नमस्कार. आमच्याकडे तीन महिन्यांचं मांजरीचं पिल्लू आहे, नाव ठमी. घरात येऊन तीन आठवडे झाले. फार लाघवी आहे, पण नखं सुयांसारखी. माझा सात वर्षांचा मुलगा तिच्याशी खेळतो, त्याचे हात ओरखड्यांनी भरलेत. पडद्यावर चढते आणि तिथेच नख अडकून ओरडत बसते. म्हणून परवा आम्ही नखं कापायची ठरवली. नवऱ्याने तिला मानेला धरून पलंगावर दाबून ठेवलं आणि मी आमच्याच नेलकटरने कापायला घेतली. दोन नखं झाली, तिसऱ्याला रक्त आलं. ती अशी किंचाळली की मुलगा रडायला लागला. नवऱ्याच्या अंगठ्याला कडकडून चावली आणि कपाटाखाली जाऊन बसली. आता पंजाला हात लावला की पाय ओढून घेते, नेलकटर दिसलं तरी पळते. सासूबाई म्हणतात, मांजराची नखं कापूच नयेत. ओळखीतल्या एकांनी सांगितलं, ऑपरेशन करून नखं कायमची काढता येतात. मी तिला कायमचं दुखावलं का? पुन्हा प्रयत्न करू की नको? करायचा तर नक्की कसा?

उत्तर : आधी तुमच्या यजमानांच्या अंगठ्याचं बोलू, कारण ते थांबणारं नाही. मांजराचे दात बारीक आणि टोकदार असतात. वरून जखम टाचणीच्या टोकाएवढी दिसते, पण तोंडातले जंतू खोलवर गेलेले असतात आणि वरची कातडी लगेच मिटते. हाताच्या बोटात अशी जखम बघता बघता चिघळते. तेव्हा अंगठा अजून डॉक्टरांना दाखवला नसेल तर हे वाचून झाल्यावर लगेच दाखवा, दुखत नसला तरी. रेबीजच्या लशीबद्दलही त्यांनाच विचारा. ठमी कुठून आली, बाहेर जाते का, तिच्या लशी कुठवर झाल्या, हे त्यांना सांगा आणि मुलाच्या ओरखड्यांबद्दलही त्याच भेटीत बोला. यापुढे कुणालाही चावा बसला किंवा ओरखडा उठला की जखम वाहत्या पाण्याखाली साबण लावून 15 मिनिटं धुवायची. 15 मिनिटं फार वाटतात, पण जागतिक आरोग्य संघटनेने सांगितलेली वेळ तीच आहे. धुण्यात कंजूषी करू नका.

मुलाच्या बाबतीत आणखी एक. पिल्लांच्या नखांतून बार्टोनेला नावाचा जंतू माणसात येऊ शकतो. तो पिसवांच्या विष्ठेतून मांजराच्या नखांत आलेला असतो. ओरखड्याच्या जागी पुळी उठली, काखेत किंवा मानेजवळ गाठ आली, बारीक ताप राहिला, तर डॉक्टरांना 'घरात मांजराचं पिल्लू आहे' हे आवर्जून सांगा. ठमीच्या अंगावर पिसवा असतील तर त्यांचा बंदोबस्त पशुवैद्याला विचारूनच करा. कुत्र्यांसाठीची काही पिसवांची औषधं मांजराच्या जिवावर बेतणारी असतात.

आता ठमी. नाही, तुम्ही तिला कायमचं दुखावलेलं नाही. रक्त थांबलं असेल, ती नीट चालत असेल, ते बोट सारखं चाटत नसेल, तर बोटाची काळजी करायचं कारण नाही. भीती जायला मात्र वेळ लागेल. पण ठमीचं वय तुमच्या बाजूने आहे. या वयातलं पिल्लू रोज काहीतरी नवं मनाशी बांधत असतं. नेलकटर म्हणजे दुखणं, हे ती एका फटक्यात शिकली. पंजा हातात दिला की खाऊ मिळतो आणि पंजा परतही मिळतो, हेही ती शिकेल. त्याला जास्त दिवस द्यावे लागतील, एवढंच.

आणि मला तुम्हाला हेच सगळ्यात जास्त पटवून द्यायचं आहे. नखं कापणं हे यातलं दुय्यम काम. पंजा निर्धास्तपणे तुमच्या हातात राहू देणं, हे ठमीने शिकायचं मुख्य काम. ते साधलं की एक नख कापायला डोळ्याची पापणी लवण्याइतका वेळ लागतो. ते साधलं नाही, तर घरातलं मांजर 15 वर्षंही जगतं, आणि तेवढी वर्षं दर वेळी दोन माणसं, एक टॉवेल आणि आरडाओरडा. म्हणून आज कापायची घाई सोडा. परवा दोन नखं झालीत, बाकीची काही दिवस तशीच राहिली तर काहीही बिघडत नाही.

सासूबाईंच्या म्हणण्यात तथ्य आहे, ते उडवून लावू नका. मांजराला नखं लागतात. उडी मारताना पकड घ्यायला, चढायला, अंग ताणायला, आणि बाहेर हिंडणारं मांजर असेल तर कुत्र्यापासून जीव वाचवायला. जे मांजर दिवसभर बाहेर असतं, झाडावर चढतं, त्याची नखं कापू नयेत या मताची मीही आहे. पण ठमी घरातच राहणार असेल तर तिची नखं बाहेरच्या मांजरासारखी झिजणार नाहीत. आणि कापायचं ते नख नव्हे, नखाचं टोक. टोक गेल्याने चालण्यात काही फरक पडत नाही, पकडही राहते. सासूबाईंना हे शब्दांनी सांगण्यापेक्षा पहिलं नख नीट कापलं गेलं की त्यांनाच बघू द्या.

ऑपरेशनचं नाव मात्र पुन्हा काढू नका. 'नखं काढणं' हे ऐकायला सौम्य वाटतं, प्रत्यक्षात प्रत्येक बोटाचं शेवटचं पेर हाडासकट कापतात, कारण नख त्या हाडातूनच उगवतं. त्यानंतर कित्येक मांजरं दुखऱ्या पंजांनी चालतात, शी-शूसाठीच्या मातीच्या ट्रेमध्ये उकरणं दुखतं म्हणून ट्रे टाळतात, आणि नखं नाहीत म्हणून चावायला लागतात. ब्रिटनसह अनेक युरोपीय देशांत यावर बंदी आहे, इस्राएलने 2011 मध्ये ती आणली आणि अमेरिकेत न्यूयॉर्क राज्याने 2019 मध्ये. ज्या त्रासावर नखाचं एक मिलिमीटर टोक कापून उपाय होतो त्यासाठी जनावराला पांगळं करायचं, याला माझा ठाम विरोध आहे.

मानेला धरण्याबद्दलही बोलायला हवं, कारण 'असंच धरतात' असं पुष्कळ लोक तुम्हाला सांगतील. मांजरी आपल्या पिल्लाला मानेला धरून उचलते हे खरं, पण ते पिल्लू अगदी लहान असताना, जागा बदलण्यापुरतं. माणसाने तसं धरून दाबलं की पिल्लू गप्प पडतं आणि आपल्याला वाटतं, शांत झालं. ते भीतीने गोठलेलं असतं. तेवढ्यात नखाला कळ आली की सगळी भीती एकदम उसळते आणि दात जवळच्या हातात रुततात. तुमच्याकडे नेमकं हेच झालं. यात ठमीचा दोष नाही आणि यजमानांचाही नाही, त्यांनी ऐकलं होतं तसं केलं. पुन्हा तसं धरू नका, म्हणजे झालं.

रक्त का आलं हे समजून घ्यायचं असेल तर नख जवळून बघायला हवं. ठमी गाढ झोपलेली असताना, पंजाला हात न लावता, खिडकीच्या उजेडात तिचा पुढचा पंजा नुसता पाहा. नखं आत गेलेली असतील, कारण विसाव्यात असताना मांजराची नखं आतच असतात. ती बाहेर काढायला तिला स्नायू आवळावे लागतात. पुढच्या पायांना पाच-पाच, मागच्यांना चार-चार, अशी बहुतेक मांजरांना 18 नखं असतात. काहींना जास्तीची बोटं असतात, म्हणून एकदा मोजून घ्या. पुढच्या पायाचं पाचवं नख आतल्या अंगाला, जरा वर असतं. जमिनीला टेकत नाही, म्हणून झिजत नाही, आणि केसांत लपतं म्हणून विसरलं जातं. ते तसंच वाढू दिलं तर गोल वळून थेट पंजाच्या गादीत घुसतं. म्हाताऱ्या मांजरांत ही तक्रार नेहमीची, पण लक्ष ठेवायची सवय आत्तापासून लागलेली बरी.

नख कांद्यासारखं थरांचं असतं. वरचा जुना थर सुटला की पोकळ साल गळून पडते आणि खाली नवं, आणखी धारदार टोक तयार असतं. अशी वाकडी साल चादरीवर सापडली तर नख तुटलं म्हणून घाबरून जाऊ नका. पुढे ती पंजा हातात देऊ लागली की नख उजेडाकडे धरून बाजूने पाहा, मुळाशी गुलाबी त्रिकोण दिसतो. ती नखाची जिव्हाळी. तिच्यात रक्तवाहिन्या आहेत आणि मज्जातंतूही, म्हणून तिला पातं लागलं की रक्तही येतं आणि कळही जाते. जिव्हाळी संपते तिथून पुढे नख पांढुरकं, आरपार दिसणारं होतं आणि शेवटी खाली वळतं. कापायचं ते हे वळलेलं अणकुचीदार टोक, बस. पातं आणि जिव्हाळी यांच्यामध्ये 2 मिलिमीटर तरी अंतर राहू द्या. ठमीच्या वयात नख इतकं छोटं असतं की हातात जेमतेम डोळ्यांना दिसेल एवढा तुकडा येईल आणि 'हे काय कापलं?' असं वाटेल. तेवढंच कापायचं असतं. नखं काळपट असतील आणि जिव्हाळी दिसत नसेल तर टोकाचा नुसता शेंडा उडवा आणि तिथे थांबा.

परवा तुमच्या हातात माणसांचं नेलकटर होतं. आपलं नख रुंद आणि सपाट, मांजराचं दोन्ही बाजूंनी दबलेलं आणि उभं. आपल्या नेलकटरच्या वक्र पात्यात ते नीट बसत नाही, आणि पातं बोथट असेल तर कापण्याआधी नख चेपतं. ते चेपणंही दुखतं, रक्त आलं नाही तरी. मांजरांसाठी छोट्या कात्रीसारखं नेलकटर मिळतं, त्याच्या पात्यांना नख बसेल अशी खाच असते. ते घ्या. पिल्लासाठी सगळ्यात लहान आकाराचं. कुत्र्यांचं मोठं नेलकटर नको, त्यात पुढचं काही दिसत नाही. धरताना पाती नखाच्या वर आणि खाली यावीत. दोन्ही कडांनी चिमटलं तर नखाच्या चिरफळ्या होतात. नवं नेलकटर घेण्यात आणखी एक फायदा आहे : जुन्याचं रूप आणि आवाज ठमीच्या मनात दुखण्याशी जोडला गेलाय, नव्यापाशी निदान तो इतिहास नाही.

पण ते आणलं की खणात ठेवून द्या. पहिले काही दिवस ते लागणारच नाही.

सुरुवात हाताने करायची. वेळ निवडा : खेळून दमलेली, पोट भरलेलं, डोळे जड झालेले. जागा पलंग सोडून दुसरी, कारण पलंगावर काय झालं ते तिला आठवतं. दार बंद करू नका, तिला जायला वाट असू द्या. तिच्या आवडीचं चाटायचं ओलं खाणं किंवा खाऊचे अगदी बारीक तुकडे जवळ ठेवा. आता पंजाच्या वाटेला जाऊ नका. तिला जिथे हात लावलेला आवडतो तिथे लावा, बहुतेक गालाला किंवा पाठीला. मग हात सरकवत खांद्यापर्यंत न्या, उचला आणि खाऊ द्या. क्रम हाच ठेवा, आधी स्पर्श, लगेच खाऊ. उलटं केलंत, म्हणजे खाऊ दाखवून मग पकडलंत, तर थोड्याच दिवसांत खाऊ दिसला की ती पळेल.

खांदा जमला की कोपर, मग पायाचा खालचा भाग, मग पंजावर एक बोट नुसतं टेकवून उचलायचं. पुढच्या टप्प्याला कधी जायचं हे ठमी सांगेल. तुमचा हात आला आणि तिने पाय ओढला नाही, उलट तोंड वळवून खाऊ शोधायला लागली, की समजा झालं. पाय ओढला तर तुम्ही एक पायरी पुढे गेलात. रागवू नका, पाय धरून ठेवू नका, मागच्या पायरीवर या. आणि तिने ओढायच्या आधी तुम्ही सोडणं, यातच सगळं कसब आहे. पंजा आपण सोडला तर ती शिकते की हे आपोआप संपतं. तिने झटका देऊन सोडवला तर ती शिकते की झटका दिल्याशिवाय सुटका नाही. पुढच्या वेळी झटका आधी येतो.

एका बैठकीला एक मिनिट पुरे, त्याहून कमी चालेल, जास्त नको. दिवसातून दोन-तीनदा जमलं तर उत्तम. घरात एकाच माणसाने हे करावं, आणि तुम्ही करणार असाल तर यजमानांकडे सध्या फक्त खाऊ द्यायचं काम ठेवा. त्यांच्याशीही तिचं पुन्हा जुळायला हवं.

पंजा हातात राहू लागला की पुढची पायरी नख बाहेर काढण्याची. अंगठा बोटाच्या वर, दुसरं बोट खालच्या गादीवर, आणि हलकेच दाबायचं. नख आपोआप बाहेर येतं. दाबा, नख दिसू द्या, सोडा, खाऊ. किती दाबायचं याचा अंदाज येत नसेल तर पिकलेलं फळ दाबून बघताना जेवढा जोर लावाल त्याहूनही कमी. या पायरीवर रेंगाळा. एकेक बोट करून सगळ्या बोटांची ओळख होऊ द्या, आतलं पाचवं धरून. केस आड येत असतील तर ते बोटाने मागे सारायची सवयही इथेच लावा. जिव्हाळी नीट कुठे संपते हे तुमच्या नजरेलाही याच दिवसांत कळायला लागतं, आणि हातात पातं नसल्यामुळे तुम्हीही निवांत असता. तुमचा हात थरथरत असेल तर तो तिला पंजातून समजतो.

नेलकटर आता खणातून काढा. पहिल्यांदा ते तिच्या वाटीपासून जरा दूर जमिनीवर नुसतं पडू द्या. हुंगू दे, पंजा मारू दे. मग तुम्ही लांब बसून एखादी वाळलेली बारीक काडी त्याने कापा, खट् असा आवाज होईल, आणि आवाजासरशी खाऊ टाका. तिने कान टवकारले आणि खाऊकडे आली, तर दुसऱ्या दिवशी थोडं जवळून. आवाज ऐकून पळाली तर आणखी लांबून. नंतर एका हातात पंजा आणि दुसऱ्या हाताने शेजारी काडी कापायची. ज्या दिवशी खट् झाल्यावर ती पंजा न ओढता तुमच्या तोंडाकडे बघेल, त्या दिवशी नख कापायला हरकत नाही. याला एक आठवडा लागेल की तीन, हे मी इथे बसून सांगू शकत नाही. घाबरलेल्या पिल्लाला जास्त लागतो, आणि तो दिलेला वेळ वाया जात नाही.

प्रत्यक्ष कापताना तिला मांडीवर घ्या, तोंड तुमच्यापासून पलीकडे, पाठ तुमच्या पोटाला टेकलेली. समोरून येणाऱ्या हातापेक्षा मागून मिळणारा आधार तिला सोपा जातो. उजेड भरपूर हवा, चष्मा लागत असेल तर लावा. नख दाबून बाहेर काढा, बाजूने एकदा पाहा, टोकाला पातं लावा, आणि एका दमात कापा. हळूहळू दाबत बसलात तर नख चेपतं. कापलं की पंजा सोडा, खाऊ द्या, आणि नेलकटर बाजूला ठेवा. झालं. त्या दिवशी एकच नख, मग ती कितीही शांत का बसलेली असेना. 'आता बसलीच आहे तर उरलेली पण उरकून घेऊ' हा मोह होईल. तो आवरा. पुढच्या वेळी दोन, त्यापुढे एक पंजा, असं ती देईल तसं घ्या. रोज एक नख कापलं तरी पुढच्या पायांची दहा नखं दहा दिवसांत होतात, आणि पुन्हा पहिल्याकडे यायची वेळ होईपर्यंत हा तिच्या दिवसाचाच भाग झालेला असतो.

काही जण सांगतात, झोपेत कापून टाका. शांत, न घाबरलेल्या मांजराला ते चालतं. ठमीला आत्ता तसं करू नका. तुमच्याजवळ झोपणं तरी तिला सुरक्षित वाटू द्या.

कापताना डोळा नखावर असला तरी अधूनमधून तिच्याकडे पाहा. शेपटीचं टोक झटके देऊ लागलं, कान आडवे झाले, पाठीची कातडी थरथरली, बाहुल्या मोठ्या झाल्या, की थांबा. सगळ्यात खात्रीची खूण म्हणजे एरवी ज्यावर तुटून पडते तो खाऊ समोर असून तोंड फिरवते. तिथे त्या दिवसाचं काम संपलं. टॉवेलमध्ये गुंडाळायची पद्धत मला माहीत आहे आणि ती वाईट नाही, पण ती अडचणीच्या वेळेसाठी राखून ठेवा : नख फाटून लोंबतंय, गादीत रुतलंय, आणि दवाखान्यात न्यायचंय, तेव्हा. दर खेपेला टॉवेल काढलात तर टॉवेल दिसताच ती कपाटाखाली जाईल.

सगळी काळजी घेऊनही कधीतरी रक्त येईल. त्याची तयारी पहिलं नख कापायच्या आधी हाताशी हवी, नंतर शोधाशोध नको. रक्त थांबवणारी स्टिप्टिक पावडर मिळते, ती नसेल तर कॉर्नफ्लोअर चालतं. चिमूटभर नखाच्या टोकावर दाबून धरायचं, किंवा स्वच्छ कापडाचा बोळा. काही मिनिटं न सोडता दाबून ठेवायचं, थांबलं का म्हणून सारखं उचलून पुसायचं नाही, पुसलं की धरलेली खपली निघते. मग थोडा वेळ तिला उड्या मारू देऊ नका. 15-20 मिनिटं दाबूनही रक्त थांबत नसेल तर डॉक्टरकडे. आणि एक ठळकपणे लक्षात ठेवा : माणसांच्या औषधाच्या डब्याला हात लावायचा नाही. पॅरासिटामॉलची एक गोळीही मांजराचा जीव घेऊ शकते. फिनॉलयुक्त जंतुनाशकं, टी ट्री ऑइल, यांतलं काही जखमेवर लावायचं नाही. मांजराचं यकृत ही द्रव्यं आपल्यासारखी पचवू शकत नाही, आणि पंजावर लावलेलं सगळं शेवटी चाटून पोटातच जातं.

मागच्या पायांची फारशी चिंता करू नका. ती नखं मुळातच बोथट असतात आणि मांजरं स्वतः चावून त्यांची सालं काढतात. पुढची सवयीची झाली की मग बघा. पिल्लाची नखं झपाट्याने वाढतात, त्यामुळे दर आठवडा-दोन आठवड्यांनी पाहत जा. मोठी झाल्यावर दोन-तीन आठवड्यांनी पुरतं.

पडद्याचं आणि मुलाच्या हातांचं दुखणं मात्र नुसतं नखं कापून जाणार नाही. ओरबाडणं ही मांजराची गरज आहे. त्यात नखाची जुनी साल निघते, पाठ ताणली जाते आणि पंजातल्या ग्रंथींचा वास तिथे लागून 'ही माझी जागा' अशी खूण उमटते. म्हणून तिला ओरबाडायला हक्काचं काहीतरी द्या : सुतळीसारख्या खरखरीत दोरीने गुंडाळलेला खांब, मागच्या पायांवर उभी राहून पूर्ण ताणता येईल इतका उंच, आणि ओढल्यावर न डुगडुगणारा. डुगडुगला की ती पुन्हा त्याच्याकडे फिरकत नाही. तो कोपऱ्यात लपवू नका, ती झोपते तिथे किंवा त्या पडद्याच्या अगदी शेजारी ठेवा. काही मांजरांना उभ्यापेक्षा जमिनीवरचा जाड पुठ्ठा आवडतो. दोन्ही देऊन बघा.

मुलाला सांगा, हात हे खेळणं नाही. ठमीशी खेळायचं ते काठीला बांधलेल्या दोरीने किंवा पिसाने, म्हणजे तिची झेप हातापासून लांब पडेल. तिने हात पकडलाच तर ओढायचा नाही, निपचित ठेवायचा. ओढलेला हात तिला पळणारी शिकार वाटतो. तिचे दुधाचे दात आता पडायला लागतील, तेव्हा चावणं काही दिवस वाढेलही, त्यासाठी चावायची खेळणी द्या. आणि त्याला या कामात घ्या. नेलकटर त्याच्या हातात द्यायचं नाही, पण खट् झालं की खाऊ पुढे करणारा हात त्याचा असू द्या. तिचं किंचाळणं त्याच्या मनात राहिलं असेल. ती त्याच्या हातून निवांत खाते आहे, हे त्याने पाहायला हवं.

एखादं नख मुळाशी फाटलं, बोट सुजलं, पू दिसला, पाय टेकवत नसेल, किंवा नख गादीत रुतलं असेल, तर घरी काही करू नका, थेट पशुवैद्याकडे न्या. आणि त्याआधीही एक करता येईल. या वयात लसीकरणाच्या भेटी चालूच असतात. पुढच्या भेटीला जाताना तुमचं नवं नेलकटर आणि ठमीचा खाऊ बरोबर घ्या आणि डॉक्टरांना म्हणा, तुम्ही सगळी कापू नका, एक नख कापून दाखवा आणि दुसरं मी कापते, ते बघा. जिव्हाळीपासून किती अंतर ठेवलं, बोट किती दाबलं, हे शेजारी उभं राहून जेवढं कळतं तेवढं वाचून कळत नाही.